शाळेचा डबा : शेतात पिकते ते मुलांच्या डब्यात का दिसत नाही?

गेल्या हिवाळ्यात एका गावी महिला मेळावा आटोपल्यावर मधल्या सुट्टीत आम्ही तेथील शाळेत गेलो आणि पहिली-दुसरीच्या मुलांजवळ जमिनीवर बसलो. मुलांनी डबे उघडले. चपाती आणि बटाट्याची भाजी, चपाती आणि साखर-तूप, पुन्हा चपाती-बटाटा. दोघातिघांकडे नुसता बिस्किटांचा पुडा आणि एका मुलीकडे दुकानात टांगलेली कुरकुऱ्यांची पिशवी. गावाच्या चारी बाजूंना बाजरी, मटकी आणि भुईमुगाचे रान. त्या मुलीचे वडील गावातले जाणते भुईमूग उत्पादक होते आणि दोन म्हशींचे दूध रोज सकाळी संकलन केंद्रावर घालत होते.

हे चित्र केवळ गरिबीमुळे दिसते असे म्हणता येणार नाही. चांगला माल विकायचा आणि उरलेला घरी ठेवायचा ही आपली जुनी सवय आहे. सकाळी धारा, शेणगोठा, पाणी आणि रानातल्या माणसांची भाकरी यांत डब्याच्या वाट्याला दहा मिनिटेही येत नाहीत. त्यातच भाकरी नेली की इतर मुले हसतात अशी तक्रार पोर करते. ही तिन्ही कारणे घरच्या घरी दूर करता येण्यासारखी आहेत, म्हणून हा लेख लिहिला आहे.

डब्याने किती भार उचलावा?

भारतीय आयुर्विज्ञान अनुसंधान परिषदेच्या २०२० च्या शिफारशीप्रमाणे चार ते सहा वर्षांच्या मुलाला दिवसाला सुमारे १,३६० उष्मांक व १६ ग्रॅम प्रथिने लागतात. सात ते नऊ वर्षांच्या मुलाला सुमारे १,७०० उष्मांक व २३ ग्रॅम प्रथिने लागतात. मूल सकाळी आठला घर सोडून संध्याकाळी पाचला परतत असेल, तर यातील निदान तिसरा हिस्सा डब्यातून मिळाला पाहिजे. म्हणजे सात-आठ वर्षांच्या मुलाच्या डब्यात साडेपाचशेच्या आसपास उष्मांक असावेत.

हा हिशेब आपल्या घरच्या मापाने करून पाहू. पन्नास ग्रॅम पिठाची एक मध्यम बाजरीची भाकरी सुमारे १७५ उष्मांक देते. मूठभर, म्हणजे पंचवीस ग्रॅम, मटकीची मोड आणून केलेली कोरडी उसळ तेलासह सव्वाशेपर्यंत देते. पंधरा ग्रॅम शेंगदाण्याची चटणी ८० च्या आसपास, तिळगुळाचा एक मध्यम लाडू शंभराच्या आत-बाहेर आणि अर्धा पेरू वीस-पंचवीस. बेरीज पाचशेवर जाते आणि प्रथिने सतरा-अठरा ग्रॅम भरतात. यातील एकही वस्तू बाजारातून आणावी लागलेली नाही. याउलट बिस्किटांचा छोटा पुडा पोट भरल्यासारखे करतो, पण त्यात मुख्यतः मैदा, साखर आणि तेल असते. बिस्किटांत शंभर ग्रॅमला सहा-सात ग्रॅम प्रथिने, तर तेवढ्याच शेंगदाण्यात तेवीस-चोवीस ग्रॅम. ज्याच्या घरी शेंगा आहेत, त्याने पैसे मोजून बिस्किटे घेणे हा आतबट्ट्याचा व्यवहार आहे.

चार-पाच वर्षांच्या बालवाडीच्या मुलास यापेक्षा थोडे कमी लागते. मात्र एक काळजी घ्यावी. या वयात अख्खे शेंगदाणे, फुटाणे किंवा अख्खी द्राक्षे देऊ नयेत. हसता-बोलताना ती श्वासनलिकेत अडकून मूल गुदमरण्याचा धोका असतो. शेंगदाणे व डाळे कुटून द्यावे, द्राक्षे उभी चिरून द्यावीत.

बाजरी, चहा आणि लिंबाची फोड

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात (२०१९-२१) महाराष्ट्रातील सहा महिने ते पाच वर्षे वयाच्या सुमारे ६९ टक्के मुलांमध्ये रक्तक्षय आढळला. हीच मुले पुढे पहिलीच्या वर्गात बसतात. असे मूल लवकर दमते, वर्गात पेंगते, खेळायला नको म्हणते, आणि आपण त्याला आळशी ठरवतो. रक्तक्षयाची कारणे एकाहून अधिक असतात. पोटातील जंत हे एक मोठे कारण आहे आणि त्यासाठी शाळेत मिळणारी जंतनाशक गोळी चुकवू नये. पण आहारातील लोहाची कमतरता हे मुख्य कारणांपैकी एक आहे आणि तिथे डबा उपयोगी पडतो.

बाजरीत लोहाचे प्रमाण पॉलिश केलेल्या तांदळाच्या कितीतरी पट असते. मटकी, हरभरा, तीळ यांतही ते चांगले असते. पण धान्य-कडधान्यातील सगळे लोह शरीराला मिळत नाही, त्याचा थोडाच भाग रक्तात शोषला जातो. हे शोषण वाढवणे किंवा घटवणे गृहिणीच्या हातात आहे. आंबट फळांतील क जीवनसत्त्व शोषण वाढवते. कडधान्याला मोड आणल्यानेही लोह अधिक मोकळे होते. उलट चहातील तुरट द्रव्य लोहाला धरून ठेवते.

आपल्याकडे नेमके उलटे चालते. सकाळी मूल चहात भाकरी किंवा चपाती बुडवून खाते आणि बाजरीत लोह असूनही त्याचा बराचसा भाग वाया जातो. लहान मुलांना चहा नसलेलाच बरा. सवय मोडेपर्यंत निदान चहा आणि भाकरी यांत तासाभराचे अंतर ठेवावे. सकाळी चहाऐवजी कपभर दूध द्यावे. दूध मोजून केंद्रावर पाठवताना पहिले माप घरच्या मुलांचे, उरलेले केंद्राचे, एवढा नियम घातला तरी पुरे.

डब्यात लिंबाची एक फोड ठेवावी व खाताना उसळीवर पिळायला मुलाला शिकवावे. फोडणीत पिळलेले लिंबू चवीपुरतेच उरते, कारण उष्णतेने क जीवनसत्त्व बरेच नष्ट होते. लिंबू नसेल तर पेरूची फोड, बोरे किंवा आवळा. आवळ्याचा हंगाम संपत आला की तो किसून मीठ लावून वाळवून ठेवावा. आवळ्यातील क जीवनसत्त्व इतर फळांच्या मानाने जास्त टिकते आणि मुले आवळासुपारी आवडीने चघळतात.

बाजरी पेरणाऱ्या बांधवांसाठी येथे एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. महात्मा फुले कृषी विद्यापीठ, राहुरी आणि इक्रिसॅट यांच्या सहकार्याने 'धनशक्ती' हा लोहाचे प्रमाण मुद्दाम वाढवलेला बाजरीचा वाण २०१२ मध्ये महाराष्ट्रासाठी प्रसारित झाला. याच प्रकारच्या अधिक लोहाच्या बाजरीची भाकरी तेव्हाच्या अहमदनगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातील १२ ते १६ वर्षांच्या विद्यार्थ्यांना रोज देऊन शास्त्रज्ञांनी रक्ततपासण्या केल्या. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात चार महिन्यांतच मुलांच्या शरीरातील लोहाचा साठा वाढल्याचे दिसले. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाचा 'एएचबी १२००' हा संकरित वाणही याच गुणाचा आहे. विक्रीसाठी कोणतीही बाजरी पेरा, पण घरच्या वर्षभराच्या खाण्यापुरते चार-सहा गुंठे अशा वाणाचे पेरायला काय हरकत आहे? एवढा विचार घरच्या पुरुषांनी पेरणीच्या वेळी करायचा आहे. डबा ही एकट्या बाईची बाब नाही.

सात वाजता भरलेला, एक वाजता उघडलेला

घरच्या ताटातले आणि डब्यातले अन्न यांत मोठा फरक आहे. डब्यातले अन्न पाच-सहा तासांनी, थंड झालेले, चमच्याशिवाय आणि दहा-पंधरा मिनिटांत खायचे असते. घरी आवडीने खाल्ली जाणारी पातळ पिठले-भाकरी डब्यात नकोशी होते ती यामुळेच. पिठले घट्ट गोळा होते, भाकरी वातड होते, पाणी सुटून सगळे एकमेकांत मिसळते. मूल दोन घास खाऊन डबा बंद करते आणि आपण म्हणतो, याला भाकरी आवडत नाही.

भाकरी मऊ राहावी म्हणून पीठ ताजे असावे आणि उकळत्या पाण्याने मळावे. बाजरीत तेलाचा अंश जास्त असल्याने तिचे पीठ लवकर कडवट होते. म्हणून आठवड्यापुरतेच दळून आणावे, उन्हाळ्यात त्याहूनही कमी. महिनाभराचे एकदम दळलेले पीठ हे मुलांनी बाजरी नाकारण्याचे एक खरे कारण आहे.

डब्यासाठी भाकरीपेक्षाही सरस अशी आपली जुनी गोष्ट म्हणजे दशमी. पूर्वी लांबच्या प्रवासाला बैलगाडीत दशम्याच बांधून देत. वाटीभर ज्वारीच्या पिठात दोन चमचे कणीक, चिमूटभर मीठ आणि थोडे तीळ घालून उकळून कोमट केलेल्या दुधाने पीठ मळायचे, पाणी मुळीच घालायचे नाही. नेहमीपेक्षा थोडी लहान व जाडसर थापून मंद आचेवर दोन्ही बाजूंनी तेलाचे बोट फिरवून भाजायची. ही दशमी थंड झाल्यावरही मऊ राहते आणि दुधाची प्रथिने व चुना आपसूक पोटात जातात. गोड हवी असल्यास दुधात गूळ विरघळवून घ्यावा. मात्र दूध चुलीवर असताना गूळ घालू नये, फाटण्याची शक्यता असते.

पालेभाजी डब्यात न्यायची सर्वांत सोपी वाट म्हणजे धपाटे.

*साहित्य :* ज्वारी किंवा बाजरीचे पीठ दोन वाट्या, हरभऱ्याचे पीठ पाव वाटी, कणीक पाव वाटी, शेवग्याचा कोवळा पाला धुऊन चिरलेला एक वाटी (नसल्यास मेथी), दही दोन चमचे, तीळ एक चमचा, लसणाच्या चार-पाच पाकळ्या, जिरे, हळद, मीठ व मुलाला सोसेल इतकेच तिखट.

*कृती :* पाला देठ काढून बारीक चिरावा, राठ देठ राहिले तर मूल पहिल्याच घासाला थुंकते. सर्व जिन्नस एकत्र करून दह्यात व लागेल तेवढ्या पाण्यात सैलसर मळावे. ओल्या फडक्यावर थापून तव्यावर टाकावे, मध्ये भोक पाडून तेल सोडावे आणि दोन्ही बाजूंनी खरपूस भाजावे. सहा-सात धपाटे होतात. पीठ रात्री मळून ठेवू नये, पाला मात्र रात्री निवडून धुऊन फडक्यात कोरडा करून ठेवता येतो. सकाळची दहा मिनिटे तिथे वाचतात.

उसळ कोरडी करावी. मटकी आदल्या दिवशी सकाळी भिजवून रात्री फडक्यात बांधली की दुसऱ्या सकाळी मोड तयार असतात, थंडीत आणखी अर्धा दिवस लागतो. डब्याच्या उसळीत ओले खोबरे घालू नये, ते सर्वांत आधी आंबते. त्याऐवजी कूट घालावा. फोडणी देऊन पाणी पूर्ण आटवावे.

आता नासण्याविषयी. गरम भाकरी, गरम भाजी डब्यात घालून झाकण लावले की वाफ आत कोंडते, तिचे पाणी होऊन अन्नावर पडते आणि अन्न लवकर आंबते. पदार्थ ताटात पसरून वाफ जाऊ द्यावी व मगच डबा भरावा. रात्रीचा भात सकाळी परतून डब्यात देण्याची पद्धत बऱ्याच घरांत आहे. बाहेर राहिलेल्या भातात वाढणारे काही जंतू असे विष तयार करतात, की परतल्यानेही ते जात नाही. मुलाला शाळेत उलट्या झाल्या की दोष पाण्याला दिला जातो, पण बऱ्याचदा तो रात्रीचा भात असतो. भातच द्यायचा तर सकाळी मऊसर शिजवून, निवल्यावर त्यात कोमट दूध आणि एक चमचा दही घालून कालवावे. दुपारपर्यंत त्या दुधाचे डब्यातच दही लागते आणि भात आंबट न होता मऊ राहतो. कडक उन्हाळ्यात मात्र हेही टाळावे.

अंडी खाणाऱ्या घरांत उकडलेले अंडे हा उत्तम डबा आहे, एका अंड्यात सहा ग्रॅम प्रथिने असतात. ते कवचासह पाठवावे आणि मुलाला शाळेत सोलू द्यावे.

कोकणातील वाचकांसाठी थोडे वेगळे सांगावे लागेल. तिथे भाकरी तांदळाची व नाचणीची. नाचणीत शंभर ग्रॅमला साडेतीनशे मिलिग्रॅमहून अधिक चुना असतो, तो तांदळात नगण्य असतो. पण नाचणीची भाकरी थंड झाल्यावर कडक होते. म्हणून डब्यासाठी नाचणी भाजून तिच्या पिठाचे गूळ-तूप घातलेले लाडू बरे, किंवा निम्मी कणीक मिसळून केलेले थालीपीठ. कुळथाचे पिठले डब्यात जात नाही, कुळथाची मोड आणलेली कोरडी उसळ मात्र सुरेख जाते.

घरासाठी कोणता माल ठेवता?

शेंगा फोडल्यावर टपोरे दाणे बाजारात जातात आणि बारके, सुरकुतलेले, काळपट दाणे घरच्या चटणीला राहतात. हे थांबले पाहिजे. काढणीच्या वेळी पाऊस लागलेल्या किंवा ओल्या साठवलेल्या शेंगांवर हिरवट-पिवळसर बुरशी येते आणि तिच्यापासून अफ्लाटॉक्सिन हे विष तयार होते. ते यकृताला घातक आहे आणि भाजल्याने किंवा शिजवल्याने पूर्णपणे जात नाही. सुरकुतलेल्या, रंग बदललेल्या दाण्यांत ते असण्याची शक्यता अधिक. लहान मुलाचे शरीर लहान, त्यामुळे तेवढ्याच विषाचा परिणाम त्याच्यावर जास्त. शेंगा हलवल्यावर दाणे खुळखुळ वाजेपर्यंत वाळवाव्यात, साठवणीची पोती जमिनीवर न ठेवता फळ्यांवर ठेवावीत, आणि बुरशीचे दाणे जनावरांनाही न घालता जाळून टाकावेत. चटणीसाठी पहिल्या प्रतीचे एक पोते बाजूला काढावे. विक्रीत पोत्यामागे पोते मोजणाऱ्याला हे जड वाटेल, पण दवाखान्याच्या एका फेरीपेक्षा ते स्वस्त पडते.

भाजीपाल्याचेही तसेच. विक्रीच्या प्लॉटमधून घरी भाजी आणताना शेवटची फवारणी कधी झाली ते आठवावे. औषधाच्या लेबलवर काढणीपूर्वी किती दिवस थांबायचे ते लिहिलेले असते, ते दिवस घरच्या ताटालाही लागू आहेत. आणि औषधाची रिकामी बाटली कितीही धुतली तरी पिण्याच्या पाण्यासाठी, मुलाच्या दप्तरात, कधीही देऊ नये.

शाळेत खिचडी मिळत असेल तर

शासकीय व अनुदानित शाळांत आठवीपर्यंत मध्यान्ह भोजन मिळते. ही केंद्राची योजना १९९५ मध्ये सुरू झाली आणि २०२१ पासून तिला पीएम पोषण असे नाव आहे. पहिली ते पाचवीच्या मुलांसाठी त्यात ४५० उष्मांक व १२ ग्रॅम प्रथिनांचे प्रमाण ठरलेले आहे. अशा मुलांना पूर्ण डब्याची गरज नसते, पण रिकाम्या दप्तराने पाठवणेही बरोबर नाही. खिचडीत तांदूळ आणि डाळ मिळते. ताजे फळ, पालेभाजी व दूध कमी पडते. तेव्हा छोट्या डब्यात पेरू, गाजर, काकडी, लिंबाची फोड, एखादा तिळाचा किंवा शेंगदाण्याचा लाडू द्यावा. हंगामाप्रमाणे ओला हरभरा, हुरडा, उकडलेली मक्याची कणसे, जूनमध्ये जांभळे, असे काहीही चालेल.

भाकरीची लाज

बसने तालुक्याच्या खासगी शाळेत जाणाऱ्या मुलांच्या घरी हा प्रश्न हमखास निघतो. एका भगिनीने आम्हाला सांगितले की, मुलाच्या शाळेने डब्यात काय आणावे याचा छापील कागद दिला आणि त्यात भाकरीचा उल्लेखच नव्हता. मुलाने त्याच दिवसापासून भाकरी बंद केली. अशा वेळी पालक सभेत दोन-चार पालकांनी मिळून विषय काढावा. शिक्षकांनी स्वतः एक दिवस भाकरी-चटणी आणली तरी वर्गातले हसू थांबते, असा अनुभव आहे. घरी मात्र मुलाशी जबरदस्ती करू नये. त्याच पिठाचे तळहाताएवढे धपाटे, वाटीने कापलेल्या छोट्या दशम्या किंवा गुंडाळी करून आत चटणी-लोणी भरलेली पातळ भाकरी मूल बिनतक्रार नेते. आठवड्यातून दोन दिवस चपाती-भाजी मुलाच्या पसंतीची असू द्यावी.

परत आलेला डबा

संध्याकाळी डबा घासायला टाकण्यापूर्वी उघडून पाहा. भाकरी कडेने कुरतडलेली असेल तर ती कडक झाली होती. उसळ तशीच आणि चटणी संपलेली असेल तर उसळ तिखट किंवा ओलसर होती. सगळाच डबा भरलेला असेल तर मुलाला विचारावे, पण रागावून नव्हे. बऱ्याचदा झाकण घट्ट असते आणि सहा वर्षांच्या बोटांना ते उघडत नाही. एका घरी महिनाभर मुलगी उपाशी राहत होती ती केवळ यामुळे, आणि मार खाण्याच्या भीतीने डबा वाटेत कुत्र्याला घालून येत होती. नवा डबा घेताना दुकानातच मुलाला उघडायला लावावा. डबा स्टीलचा, आत कप्पा असलेला घ्यावा. लिंबू, ताक, लोणचे अॅल्युमिनियमच्या किंवा कल्हई उडालेल्या पितळी डब्यात देऊ नये.

पाल्यासाठी शेवग्याची दोन झाडे घराजवळ पुरतात. पावसाळ्याच्या तोंडावर मोरीच्या पाण्याच्या वाटेवर पीकेएम-१ किंवा कोकण रुचिराची रोपे लावावीत. झाड कमरेइतके झाले की शेंडा खुडावा, म्हणजे बाजूने फुटवे येतात आणि सहावी-सातवीची मुलेही स्वतः पाला तोडून आणू शकतात.